हप्त्यामागची मुदत

कल्याण-शीळ रस्त्यावरच्या किंवा ठाण्यातल्या घोडबंदर रोडवरच्या साइट ऑफिसात बसलेल्या कुटुंबाचा पहिला प्रश्न फ्लॅटच्या किमतीचा असतो आणि दुसरा ‘हप्ता किती बसेल?’ हा. दुसरा प्रश्न रास्त आहे. हप्ता भरून उरलेल्या पैशांत शाळेची फी, किराणा, रेल्वेचा पास आणि गावी पाठवायची रक्कम बसवायची असते. पण कर्ज देणाऱ्याला हप्ता लहान करून दाखवणे फार सोपे असते. त्यासाठी व्याजदर कमी करावा लागत नाही, मुदत वाढवली की काम होते. घराची खरी किंमत या मुदतीतच ठरते. तरी करारावर सही करताना तिच्याबद्दल सर्वांत कमी बोलले जाते.

एकच उदाहरण घेऊ आणि प्रकरणभर तेच वापरू. कल्याण-डोंबिवलीत बांधकाम चालू असलेल्या इमारतीतला ५० लाखांचा फ्लॅट. ३० ते ७५ लाखांच्या कर्जासाठी रिझर्व्ह बँकेच्या नियमाने घराच्या किमतीच्या ८० टक्क्यांपर्यंतच कर्ज मिळते, म्हणून कर्ज ४० लाखांचे. व्याजदर साडेआठ टक्के धरू.

हे कर्ज १५ वर्षांत फेडायचे तर महिन्याचा हप्ता ३९,३९० रुपये बसतो आणि एकूण भरणा सुमारे ७०.९ लाख होतो. वीस वर्षांसाठी हप्ता ३४,७१३ आणि भरणा ८३.३ लाख. पंचवीस वर्षांसाठी ३२,२०९ आणि ९६.६ लाख. तीस वर्षांसाठी ३०,७५७ आणि १ कोटी १० लाख ७० हजारांच्या आसपास. वीसवरून तीस वर्षांवर गेल्याने हप्त्यात चार हजारही वाचत नाहीत, पण एकूण भरणा २७ लाखांहून अधिक वाढतो. शेवटच्या टप्प्यात सौदा सर्वांत वाईट होतो. पंचविसाची तीस वर्षे केली तर महिन्याला जेमतेम साडेचौदाशे रुपये सुटतात आणि त्यासाठी १४ लाख जास्त मोजावे लागतात.

हे असे का होते, ते पहिल्याच महिन्याच्या हिशेबात दिसते. ४० लाखांवर साडेआठ टक्क्यांनी एका महिन्याचे व्याज २८,३३३ रुपये. वीस वर्षांच्या कर्जाच्या ३४,७१३ रुपयांच्या हप्त्यातून ते वजा केले की मुद्दलात ६,३८० रुपये जमा होतात. पुढच्या महिन्यात व्याज थोडे कमी आणि मुद्दल थोडे जास्त, असे चालू राहते. पाच वर्षांत तुम्ही २०.८ लाख भरलेले असता आणि शिल्लक मुद्दल असते ३५ लाख २५ हजार. दहा वर्षांनी, म्हणजे निम्मी मुदत सरल्यावर आणि ४१ लाखांहून जास्त भरल्यावरही २८ लाख देणे बाकीच असते. मुद्दल निम्म्यावर यायला १३ वर्षे १० महिने लागतात. बँकेने यात काही लपवलेले नसते. मंजुरीच्या वेळी मिळणाऱ्या परतफेडीच्या तक्त्यात हे सगळे आकडे छापलेले असतात. तो तक्ता सहीच्या आधी मागून घ्यावा आणि त्यातल्या साठाव्या आणि एकशेविसाव्या ओळीवर बोट ठेवून वाचावा, असे मला कळकळीने सांगावेसे वाटते.

हा तक्ताही व्याजदर बदलला नाही तरच खरा. भारतातली बहुतेक गृहकर्जे बदलत्या, म्हणजे फ्लोटिंग दराची असतात. अमेरिकेत तीस वर्षांचे ठरावीक दराचे कर्ज सर्रास मिळते आणि दर चढल्याचा भार तिथे बँक सोसते. इथे तो भार कर्जदारावर येतो. १ ऑक्टोबर २०१९ पासून व्यापारी बँकांना नवी बदलत्या दराची गृहकर्जे बाहेरच्या निकषाशी जोडणे बंधनकारक झाले. बहुतेकांनी त्यासाठी रिझर्व्ह बँकेचा रेपो दर, म्हणजे ती बँकांना अल्पकाळासाठी पैसे देते तो दर, निवडला. त्याचा अर्थ काय, ते ठाणे-डोंबिवलीतल्या घराघरांत २०२२ साली कळले.

करोनाच्या काळात रेपो दर ४ टक्क्यांवर होता आणि २०२१ मध्ये गृहकर्ज पावणेसात टक्क्यांच्या आसपास मिळत होते. त्याच सुमारास, सप्टेंबर २०२० ते मार्च २०२१ या काळात, राज्य सरकारने मुद्रांक शुल्कातही सवलत दिली होती. अनेकांनी घर घेण्याचा निर्णय याच दिवसांत घेतला. मग ४ मे २०२२ रोजी, ठरलेल्या बैठकीची वाट न पाहता, रिझर्व्ह बँकेने दर ४.४० टक्के केला. ८ फेब्रुवारी २०२३ पर्यंत तो ६.५० टक्क्यांवर गेला. नऊ महिन्यांत अडीच टक्के.

आपले ४० लाखांचे कर्ज पावणेसात टक्क्यांनी वीस वर्षांसाठी घेतले असते, तर हप्ता ३०,४१५ रुपये बसला असता. वर्षभर हप्ते भरल्यावर मुद्दल ३९ लाख २ हजारांवर आले असते. हिशेब सोपा ठेवण्यासाठी सगळी दरवाढ त्याच वेळी एकदम झाली असे धरू. सव्वानऊ टक्क्यांनी त्या महिन्याचे व्याज झाले ३०,०७८ रुपये. म्हणजे ३०,४१५ च्या हप्त्यातून मुद्दलात पडले ३३७ रुपये. हप्ता तोच ठेवला तर हे कर्ज फिटायला आणखी सुमारे ४९ वर्षे लागतील. पस्तिसाव्या वर्षी कर्ज घेतलेला माणूस पंच्याऐंशीव्या वर्षी मोकळा होईल.

प्रत्यक्षात बँका इतके ताणत नाहीत. निवृत्तीचे किंवा कमाल वयाचे बंधन आडवे आले की हप्ता वाढवतात. पण तोपर्यंतचा त्यांचा नेहमीचा रिवाज हप्ता न हलवता मुदत लांबवण्याचा होता आणि कर्जदाराला ते एखाद्या एसएमएसने कळे किंवा कळतच नसे. दर महिन्याला खात्यातून तेवढीच रक्कम जात असल्याने काही बदलले आहे, असे वाटण्याचे कारणही नव्हते. अखेर १८ ऑगस्ट २०२३ रोजी रिझर्व्ह बँकेने परिपत्रक काढले. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे, हा पर्याय कर्जदाराला द्यायचा. बँकेच्या धोरणाप्रमाणे ठरावीक दरावर जाण्याची मुभा द्यायची, हे कलम २०२५ पर्यंत बंधनकारक होते. वाढलेल्या मुदतीत हप्ता निदान व्याज तरी भागवेल, याची खात्री करायची. दर तिमाहीला आतापर्यंत किती मुद्दल आणि व्याज वसूल झाले आणि किती हप्ते उरले, हे कळवायचे. माझ्या मते गेल्या काही वर्षांत कर्जदाराच्या बाजूने निघालेले हे सर्वांत उपयोगी परिपत्रक आहे. त्याचा फायदा मात्र पर्याय स्वतः मागणाऱ्यालाच होतो. ज्यांच्या कर्जाची मुदत २०२२-२३ मध्ये लांबली त्यांनी उरलेले हप्ते आजच मोजावेत.

दर उतरतात तेव्हा याच्या उलट सावध राहावे लागते. फेब्रुवारी २०२५ ते डिसेंबर २०२५ या काळात रेपो ६.५० वरून ५.२५ टक्क्यांवर आला. अशा वेळी हप्ता तोच राहिला की मुदत आपोआप आटते आणि नेमके तेच आपल्याला हवे असते. हप्ता कमी करून घेण्याचा मोह त्या वेळी टाळावा. आणखी एक गोष्ट तपासावी. बाहेरच्या निकषाचा नियम गृहवित्त कंपन्यांना लागू नाही. नागरी सहकारी बँकांनाही नाही. डोंबिवली नागरी, ठाणे जनता, कल्याण जनता या सहकारी बँकांशी इथल्या कुटुंबांचे पिढ्यांचे नाते आहे. तिथे कर्ज घेताना दर कशाशी जोडला आहे आणि तो किती काळाने बदलतो, हे लेखी विचारून घ्यावे.

मुदत लांबवणाऱ्या गोष्टींवर उपायही मुदतीतच आहे. व्यक्तीने घरासाठी घेतलेल्या बदलत्या दराच्या कर्जावर मुदतपूर्व फेडीचा दंड लावता येत नाही. बँकांसाठी हे २०१२ पासून ठरलेले आहे. तेव्हा आपल्या वीस वर्षांच्या, साडेआठ टक्क्यांच्या कर्जात दरवर्षी एक जादा हप्ता भरला, समजा दिवाळीच्या बोनसातून, तर कर्ज सुमारे १६ वर्षे ८ महिन्यांत संपते आणि आठ लाखांहून अधिक व्याज वाचते. पगार वाढेल तसा हप्ता दरवर्षी पाच टक्क्यांनी वाढवत नेला, तर बारा वर्षे आणि दोन-तीन महिन्यांत सगळे फिटते आणि पंधरा लाखांहून अधिक वाचतात. पाच टक्के म्हणजे पहिल्या वाढीला महिन्याला १,७३६ रुपये. हा आकडा प्रत्येक कर्जदाराला सांगितला पाहिजे आणि बँकेच्या काउंटरवर तो क्वचितच सांगितला जातो.

जादा पैसे कधी भरता, यालाही तितकेच महत्त्व आहे. पहिल्या वर्षाअखेर एक लाख भरले तर शेवटचे जवळपास १४ हप्ते गळून पडतात. तेच एक लाख पंधराव्या वर्षाअखेर भरले तर चारच्या थोडे वर. पहिल्या पाच वर्षांत मात्र आपल्याकडे फर्निचर, मॉड्युलर किचन, वास्तुशांत असे खर्च चालू असतात आणि ‘पार्ट पेमेंट नंतर बघू’ म्हणत ती वर्षे हातची जातात. हातात सहा महिन्यांच्या घरखर्चाची गंगाजळी ठेवून उरलेले सगळे पहिल्या पाच वर्षांत मुद्दलात घालावे, असे माझे स्पष्ट मत आहे.

आता दुसरी बाजू. ‘घराचे दुप्पट पैसे भरले’ हे वाक्य गणिताने खरे असले तरी पुरते खरे नाही. महागाई दरसाल पाच टक्के धरली तर वीस वर्षांनंतरच्या ३४,७१३ रुपयांची आजच्या हिशेबाने किंमत तेरा हजारांच्या आसपास उरते. पगार वाढत जातो, हप्ता तिथेच राहतो. शिवाय घर न घेणाऱ्यालाही राहायला जागा लागतेच. भाडे महिना १५ हजार आणि दरवर्षी पाच टक्के वाढ धरली, तर वीस वर्षांत भाड्यापोटी साडेएकोणसाठ लाख जातात, वर दर अकरा महिन्यांनी सामान हलवण्याची टांगती तलवार. घर घेऊ नये, असा या प्रकरणाचा सूर नाही. घर जरूर घ्यावे, पण वीस वर्षांचा पूर्ण आकडा समोर ठेवून.

त्या आकड्यात हप्त्याबाहेरचे बरेच काही येते. ठाणे आणि कल्याण-डोंबिवलीत मुद्रांक शुल्क अधिभारांसह ७ टक्के, म्हणजे ५० लाखांवर साडेतीन लाख. नोंदणी फी १ टक्का, कमाल ३० हजार. घर फक्त महिलेच्या नावावर असेल तर मुद्रांक शुल्कात १ टक्का सवलत, म्हणजे ५० हजारांची बचत. बांधकाम चालू असलेल्या घरावर ५ टक्के जीएसटी, म्हणजे अडीच लाख. घर ४५ लाखांपर्यंतचे आणि ६० चौरस मीटर चटईक्षेत्राच्या आतले असेल तर जीएसटी फक्त १ टक्का. म्हणून ४५ लाखांच्या घरावर ४५ हजार आणि ४६ लाखांच्या घरावर २ लाख ३० हजार कर लागतो. वापर परवाना, म्हणजे ओसी मिळालेल्या घरावर जीएसटी नाहीच. मुद्रांक शुल्क, नोंदणी फी हे खर्च घराच्या किमतीत धरून त्यावर कर्ज मिळत नाही आणि आपल्या हिशेबात जीएसटीही कर्जाबाहेरच धरला आहे. त्यामुळे आपल्या उदाहरणातल्या कुटुंबाला दहा लाखांच्या स्वतःच्या वाट्यावर आणखी सहा लाख तीस हजार उभे करावे लागतात. तेवढ्यासाठी दागिने गहाण ठेवले किंवा वैयक्तिक कर्ज काढले, तर त्याचे व्याज वेगळे.

कर्जासोबत एकरकमी विमा जोडून त्याचा हप्ता कर्जातच मिसळण्याची पद्धतही आहे. एक लाखाचा विमा हप्ता असा कर्जात गेला की वीस वर्षांत त्याचे २ लाख ८ हजार होतात. कर्जदाराच्या मागे कुटुंबावर बोजा पडू नये म्हणून विमा हवाच, पण तो साधा टर्म विमा असावा, वेगळा घेतलेला असावा. कर्ज देणाऱ्याकडूनच घेण्याची सक्ती नसते. आयकराच्या सवलतीचा आधार आता फारसा उरलेला नाही. नव्या करप्रणालीत स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजाची वजावट मिळत नाही आणि २०२३-२४ पासून तीच प्रणाली गृहीत धरली जाते.

ताबा मिळेपर्यंतचा काळ हा वेगळाच खर्च आहे आणि या पट्ट्यात तो अनेकांनी सोसला आहे. इमारत वर चढेल तसतशी बँक बिल्डरला रक्कम देते आणि तोवर कर्जदार दिलेल्या रकमेवर फक्त व्याज भरतो, त्याला प्री-ईएमआय म्हणतात. तीन वर्षांत सरासरी वीस लाख दिलेले धरले, तर महिन्याला १४,१६७ प्रमाणे ५ लाख १० हजार जातात आणि मुद्दल एका रुपयाने हलत नाही. त्याच तीन वर्षांत जुन्या घराचे भाडे चालूच असते. ताबा लांबला तर रेरा, म्हणजे स्थावर संपदा नियमन कायद्याने बिल्डरकडून व्याज मागता येते. महाराष्ट्राच्या नियमांत त्याचा दर स्टेट बँकेच्या सर्वोच्च एमसीएलआरवर (निधीच्या खर्चावर बेतलेल्या कर्जदरावर) आणखी २ टक्के असा आहे. करारातली ताब्याची तारीख म्हणून पैशांइतकीच मोलाची.

इथवरच्या सगळ्या हिशेबांत घर उभे राहणार, हे गृहीत होते. डोंबिवलीत ते गृहीतकही अनेकांच्या बाबतीत खोटे ठरले. नोव्हेंबर २०२४ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने कल्याण-डोंबिवली महापालिका हद्दीतल्या ६५ बेकायदा इमारती पाडण्याचा आदेश दिला. महापालिकेच्या बांधकाम परवानगीची बनावट कागदपत्रे तयार करून त्यांच्या आधारे महारेराची, म्हणजे राज्याच्या रेरा प्राधिकरणाची नोंदणी मिळवली गेली होती. घेणाऱ्यांनी रेरा क्रमांक पाहिला, करार नोंदवला, मुद्रांक शुल्क भरले. अनेकांना कर्जही मिळाले. साध्या माणसाने याहून अधिक काय तपासावे, हा त्या कुटुंबांचा प्रश्न मला अजून अस्वस्थ करतो. तो खऱ्या अर्थाने यंत्रणेला विचारायचा प्रश्न आहे. पुढे या रहिवाशांना बेघर होऊ देणार नाही, असे आश्वासन सरकारने दिले.

कर्जाच्या बाजूने त्यातली सर्वांत जड गोष्ट अशी की इमारत पडली तरी कर्ज पडत नाही. अमेरिकेतल्या कॅलिफोर्नियासारख्या काही राज्यांत, राहत्या घरासाठी घेतलेल्या कर्जात बँकेची वसुली बहुधा त्या घरापुरतीच मर्यादित राहते. आपल्याकडे कर्ज ही माणसाची वैयक्तिक जबाबदारी असते आणि घर हे फक्त तारण. तारण नाहीसे झाले तरी हप्ता पगारातून जातच राहतो. ‘बँकेने कर्ज मंजूर केले म्हणजे कागद चोख’ हा समज इथे फार खोल रुजलेला आहे आणि तो सोडायला हवा. बँकेचा वकील बँकेची जोखीम तपासतो. महारेराच्या पानावरचा परवानगीचा क्रमांक आणि तारीख घेऊन महापालिकेच्या नगररचना विभागात जावे, ती परवानगी त्यांच्या दप्तरात आहे का, हे विचारावे आणि स्वतःचा वकील नेमून सातबारा आणि मालकीचा तीस वर्षांचा शोध घ्यावा. त्याचे काही हजार रुपये घराच्या खर्चातच धरावेत.

मुदत आणि इमारत यांचे आणखी एक नाते आहे. तीस वर्षांहून जुन्या इमारतीचे संरचनात्मक परीक्षण महापालिका कायद्याने बंधनकारक आहे. नवे घर तीस वर्षांच्या कर्जावर घेतले, तर शेवटचा हप्ता जाईल त्याच सुमारास स्ट्रक्चरल ऑडिटची नोटीस सोसायटीच्या फलकावर लागेल. पंधरा-वीस वर्षे जुने घर रिसेलमध्ये लांब मुदतीवर घेतले, तर कर्ज निम्मे फिटण्याआधीच गळती, प्लास्टर, खांबांची दुरुस्ती यांची वर्गणी सुरू होते. डोंबिवलीत आणि ठाण्याच्या नौपाड्यात आज पुनर्विकासाला निघालेल्या इमारतींकडे पाहिले की हे गणित ध्यानात येते. देखभाल खर्च महिना तीन हजार आणि दरवर्षी पाच टक्के वाढ धरली तरी वीस वर्षांत जवळपास बारा लाख होतात. हप्ते, सुरुवातीचे सोळा लाख तीस हजार आणि ही देखभाल मिळून ५० लाखांच्या घरावर वीस वर्षांत सुमारे १ कोटी ११ लाख खर्च होतात. मालमत्ता कर, प्री-ईएमआय आणि मोठ्या दुरुस्त्या त्यात धरलेल्या नाहीत.

शेवटचा हप्ता गेल्यावरही एक काम उरते आणि ते टाळणाऱ्यांना पुढे त्रास होतो. १ डिसेंबर २०२३ पासून लागू झालेल्या रिझर्व्ह बँकेच्या नियमाने, कर्ज पूर्ण फिटल्यापासून तीस दिवसांत मूळ कागदपत्रे परत द्यावी लागतात आणि तारणाची नोंद उतरवावी लागते. उशिराला बँक जबाबदार असेल तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई द्यावी लागते. करार, इंडेक्स टू (दस्तनोंदणीचा उतारा), पावत्या यांची यादी कर्ज घेतानाच बँकेच्या शिक्क्यासह घेऊन ठेवली असेल, तर त्या दिवशी एकेक कागद ताडून घेता येतो. सोबत कर्ज फिटल्याचे पत्र घ्यावे, सरसाई या तारणांच्या केंद्रीय नोंदवहीतली नोंद निघाली का पाहावे आणि सोसायटीत बँकेचा बोजा नोंदलेला असेल तर तेच पत्र देऊन सचिवांकडून तो कमी करून घ्यावा.